गुरुवारी तीन ते चार

आमच्या वस्तीत एके काळी अशी कुजबूज होती की, कोर्टातून निवृत्त झालेल्या स्टेनोबाईंच्या खोलीत दर गुरुवारी दुपारी तीनला आमचे कुलूपवाले जातात, दार आतून लागतं, आणि ते बरोबर चारला उघडतं. एवढ्यावर थांबली तर ती कुजबूज कसली? शेजारच्या शिलाईवालीने एकदा मशीन थांबवून भिंतीला कान लावला, तेव्हा तिला कुलूपवाल्यांचा आवाज स्वच्छ ऐकू आला होता, "परत एकदा म्हणा. हळू म्हणा."

झालं! शिलाईवालीने ते सलूनवाल्याच्या बायकोला सांगितलं, तिने नवऱ्याला, आणि सलूनवाल्याने गिऱ्हाइकाच्या गळ्याला वस्तरा लावून सांगितलं, म्हणजे मान हलवून नाही म्हणायचीही सोय नाही. ते गिऱ्हाईक मी. माझं वह्यापेनांचं दुकान सलूनच्या समोरच. दुकानात आलेल्या माणसाला मी रिकाम्या हाताने एक वेळ जाऊ दिलं असेल, रिकाम्या कानाने कधीच नाही.

बाई तेव्हा एकसष्टच्या, कुलूपवाले अडुसष्टचे आणि बारा वर्षांपासून विधुर. "या वयात?" असं कुणी म्हटलं की सलूनवाला म्हणायचा, "कुलूप जुनं झालं की तेल जास्त लागतं हो." आणि आम्ही हसायचो. खोटं कशाला बोलू, पोट धरून हसायचो.

बाईंचं सांगतो. एकतीस वर्षं त्यांनी कोर्टात साक्षी उतरवून घेतल्या. वकील काय बोलला, साक्षीदार काय बोलला, मध्ये कोण खोकलं, सगळं त्या वेड्यावाकड्या रेघोट्यांत. लग्न केलं नाही. विचारलं तर म्हणायच्या, "दिवसभर दोन्ही बाजू ऐकून घरी आल्यावर तिसरी कोण ऐकणार?" भाऊ गेला, मग त्या आणि वहिनी अशा दोघीच राहिल्या. पायऱ्यांच्या गल्लीत अगदी वर, दोन खोल्या. पुढची बाईंची, मागची वहिनींची. वहिनी रुग्णालयाच्या धुलाईघरात चादरींना इस्त्री करायच्या, दुपारी दोन ते संध्याकाळी आठ. हे वेळापत्रकही आम्ही त्या कुजबुजीला व्यवस्थित जोडून घेतलं होतं.

ती गल्ली म्हणजे चौऱ्याऐंशी पायऱ्या. पाणी तळाशी. वहिनींचे गुडघे पहिल्यापासून कुरकुरणारे, त्यामुळे रोज सकाळी दोन घागरी बाई चढवायच्या आणि एक वहिनी. मध्ये चाळिसाव्या पायरीवर दोघी टेकायच्या. तिथे त्यांचं भांडण व्हायचं. घरी वेळ नसायचा.

या कुजबुजीच्या थोडं आधी आमच्या वस्तीसाठी परदेशातून पाण्याची योजना आली. नळ देणाऱ्या त्या परदेशी मंडळींची एक अट होती: आधी रहिवाशांची समिती हवी, समितीच्या सहीशिवाय कुठलंही काम पुरं झालं असं धरायचं नाही. मधल्या मध्ये काम बघायला इथलीच एक संस्था होती आणि तिचा समन्वयक. हा तरुण, चुणचुणीत, कायम घाईत. 'सहभाग' आणि 'पारदर्शकता' हे दोन शब्द तो आपण 'अहो' आणि 'बरं का' म्हणतो तसे वापरायचा.

समितीत अध्यक्ष धरून नऊ सभासद, आणि लिहायला सचिव म्हणून स्टेनोबाई. अध्यक्ष कुलूपवाले झाले, बिनविरोध. कारण साधं होतं. वस्तीतल्या प्रत्येक घराचं दार त्यांनी कधी ना कधी उघडून दिलेलं, कुणाचं कपाट, कुणाची पेटी. आणि आत काय दिसलं हे उभ्या जन्मात कुणाला सांगितलेलं नव्हतं. मला कुणी पाण्याच्या टाकीजवळसुद्धा उभं केलं नाही, ते का, हे आता तुमच्या लक्षात आलंच असेल.

सभा सोमवारी, सलूनच्या माडीवर. बाईंनी लिहिलेलं पहिल्या सभेचं इतिवृत्त बघून समन्वयक गारच पडला. तो म्हणाला, "बाई, हे काय लिहिलंत? 'वाणी म्हणाले, आमच्या दारात नळ नको, बायका भांडतील. दूधवाले म्हणाले, तुमच्या दारात आत्ता काय शांतता आहे? सर्व हसले, वाणी सोडून.' असं लिहितात का कुठे?"

"बोलले की नाही?" बाई म्हणाल्या.

"बोलले हो. पण 'सविस्तर चर्चा झाली' एवढं पुरे असतं."

"त्यात कोण काय म्हणालं ते कुठे येतं?"

समन्वयकाने कपाळाला हात लावला. पण वही बाईंच्या हातात होती आणि ती तशीच भरत गेली. वह्या माझ्याच दुकानातल्या, दोनशे पानी, निळ्या पुठ्ठ्याच्या.

दुसऱ्या की तिसऱ्या सभेत अध्यक्षांनी एक नियम केला. आलेल्या कागदावर त्याच सोमवारी सही नाही. कागद आला की मध्ये एक गुरुवार गेला पाहिजे, मग पुढच्या सोमवारी सही, व्हायची असली तर. गुरुवारच का, तर त्या दिवशी त्यांचं दुकान बंद. आलेला कागद ते चार घड्या घालून खिशात ठेवायचे, वर बोटाने दोनदा थापटायचे आणि म्हणायचे, "गुरुवारी बघू."

"दोन ओळींचा कागद आहे, अध्यक्ष!" वाणी वैतागायचे. त्यांना दुकान सोडून माडीवर बसवायचं नाही.

"दोन ओळींना गुरुवार चालत नाही का?"

दूधवाले म्हणायचे, "या माणसाने लग्नाच्या वेळी होकार द्यायलाही आठवडा घेतला असेल."

"तिने घेतला होता," अध्यक्ष म्हणाले. "मी तिच्याकडूनच शिकलो."

असं वर्षभर चाललं. खणलं, बुजवलं, परत खणलं. नऊ नळ बसले. सहा खालच्या रस्त्याला, तीन पायऱ्यांच्या गल्लीत: सात, आठ आणि नऊ. खालच्या सहांना पाणी आलं, धो धो आलं. वरच्या तिघांना तोट्या आल्या, पितळी, चकचकीत. पाणी वर चढतच नव्हतं. वहिनी रोज सकाळी घागर घेऊन खाली जाताना नळ नऊला म्हणायच्या, "बसा हं, आलेच मी पाणी घेऊन."

मग एका सोमवारी समन्वयक अकरा पानी कागद घेऊन आला. काम पूर्ण झाल्याचा दाखला. पुढच्या सोमवारी त्या परदेशी मंडळींच्या मॅडम स्वतः येणार, त्यांच्यासमोर अध्यक्षांनी सही करायची, फोटो निघणार, आणि योजना बंद. बंद म्हणजे काय, हे पायऱ्यांच्या गल्लीत पोरासोरांनाही ठाऊक होतं: एकदा सही झाली की कंत्राटदार गेला, संस्था गेली, आणि वरच्या बावीस घरांनी घागरी सांभाळायच्या.

"वरचे नळ?" बाईंनी विचारलं.

"त्याची नोंद आहे आत," समन्वयक म्हणाला. "तुमच्या नियमात बसवून आठ दिवस आधी आणलाय, बघा. तक्रारीला जागा नाही."

अध्यक्षांनी घड्या घातल्या, खिसा थापटला. बाकीच्या आठ जणांना एकेक प्रत मिळाली. दूधवाल्यांनी तिची सुरळी केली आणि माशी मारली.

गुरुवार आला. तीनला दार लागलं. अकरा पानं होती म्हणून असेल, त्या दिवशी ते पाचला उघडलं, आणि शिलाईवालीने तो जादा तास संध्याकाळच्या आत वस्तीभर पोचवला.

शुक्रवारी सकाळी समन्वयक अध्यक्षांच्या दुकानावर गेला, तर अध्यक्ष कानशीने किल्ली घासता घासता म्हणाले, "पान चारवर लिहिलंय, नऊही नळांना दोन वेळ पुरेसं पाणी. ते खोटं आहे. पान नऊवर लिहिलंय, रहिवाशांनी खात्री करून घेतली. तेही खोटं. सही होणार नाही."

समन्वयक तिथून निघाला तो माझ्या दुकानात आला. रिफिल घेतली. चेहरा पडलेला. मी विचारलं, काय झालं? त्याने सांगितलं, "हे दोघं मिळून काय ठरवतात कळत नाही." आता एवढी आयती जागा मिळाल्यावर माझ्यासारखा माणूस गप्प बसेल? मी सगळं सांगितलं. तीन ते चार, बंद दार, 'परत एकदा, हळू'. वर आपल्या पदरचं थोडं मीठही लावलं. रिफिल घेऊन तो गेला तेव्हा त्याचा चेहरा बराच उजळलेला होता. मला वाटलं, आपण एका दुःखी जिवाला हसवलं.

तो तडक पायऱ्या चढून बाईंकडे गेला. तिथे काय झालं ते मला वहिनींकडून कळलं, त्या मागच्या खोलीत होत्या. त्याने गोड आवाजात सांगितलं की, बाईंनी प्रकृतीचं कारण देऊन सचिवपद सोडावं. वाणी लिहितील इतिवृत्त, नियमही जरा सुटसुटीत होतील. नाहीतर सोमवारी मॅडमसमोर कुणीतरी विचारणारच की, समितीचे निर्णय बंद दाराआड का होतात. "तुमच्यासाठीच सांगतोय. नाव उगाच खराब होईल."

"झालंय ते," बाई म्हणाल्या. "सोमवारी या. उशीर करू नका."

तो गेल्यावर वहिनी पुढे आल्या. "वन्सं, सांगून टाका ना काय करता ते. धुलाईघरात मला बायका विचारतात. मी इस्त्री गरम आहे म्हणून गप्प बसवते, पण किती दिवस?"

"काही करत नाही, वहिनी."

"मग दार कशाला लावता? मला तरी सांगा. मी काय सलूनवाल्याची बायको आहे?"

"माझं असतं तर तुम्हाला पहिलं सांगितलं असतं." एवढं म्हणून बाई पेन्सिलीला टोक काढत बसल्या. वहिनींच्या म्हणण्याप्रमाणे त्या दिवशी त्यांनी चार पेन्सिली संपवल्या. वहिनी काय, आमच्याच वाणाच्या. दोन धरून चाला.

सोमवारी सलूनची माडी गच्च. समितीत नसून मी पहिल्या रांगेत होतो, चहाचे पेले पुढे करायच्या निमित्ताने. मॅडम साध्या होत्या, केस आखूड, पायात बूट, मांडीवर वही. शेजारी दुभाषी बाई. समन्वयकाने छान प्रस्ताव मांडला, दाखला टेबलावर ठेवला, पेनाचं टोपण काढून पेन आडवं ठेवलं. अध्यक्ष हलले नाहीत.

समन्वयक मग उभा राहिला. म्हणाला, "सही अडली आहे, कारण आपल्याकडे निर्णय सभेत होत नाहीत. दर गुरुवारी तीन ते चार अध्यक्ष आणि सचिव सचिवबाईंच्या खोलीत भेटतात. दार बंद असतं. तिथे काय चालतं, हे समितीला माहीत नाही. मी आरोप करत नाही. फक्त पारदर्शकतेचा मुद्दा मांडतो."

मागे कुणीतरी फस्सकन हसलं. दुभाषी बाई भाषांतर करताना लाल झाल्या. शिलाईवालीने पदर तोंडाला लावला. माझ्या हातात रिकामा पेला होता तो मी प्यायलो.

अध्यक्षांनी तोंड उघडलं. "बघा, त्यात असं आहे की..."

"अध्यक्ष," बाई म्हणाल्या, वहीतून मान वर न करता. "तुम्ही थांबा. खोली माझी आहे, उत्तर मी देते." मग त्यांनी पेन्सिल खाली ठेवली. वर्षभरात पहिल्यांदा त्या बोलताना लिहीत नव्हत्या. "गुरुवारी माझ्या खोलीत तुमचे कागद तपासले जातात. दार लावते, कारण बाहेर कान फार आहेत. काय तपासलं ते विचारा, उत्तर मिळेल. कुठे बसून तपासलं, हा तुमच्या योजनेचा भाग नाही."

"बरं," समन्वयक म्हणाला. त्याने दाखला उचलून अध्यक्षांच्या हातात दिला. "मग तुम्हीच वाचून दाखवा मॅडमना, यात चूक कुठे आहे."

मी अध्यक्षांकडे बघत होतो. त्यांनी कागद घेतला. त्याच्या चार घड्या घातल्या आणि तो समन्वयकाला परत दिला.

"कागद तुम्ही धरा आणि ताडून बघा," ते म्हणाले. "मी सांगतो. पान चार, वरून तिसरी ओळ: 'नळ क्रमांक एक ते नऊ येथे दिवसातून दोन वेळा पुरेशा दाबाने पाणी उपलब्ध आहे.' आहे? पान नऊ, शेवटचा परिच्छेद: 'रहिवाशांच्या समितीने प्रत्यक्ष पाहणी करून समाधान व्यक्त केले आहे.' आहे? अशी पाहणी झालेली नाही. आठव्या सभेत हेच समन्वयक म्हणाले होते, वरच्या नळांना वेगळा पंप लागेल, तो नकाशात आहे. बाई, काढा आठवी सभा."

बाईंनी वही उलटली आणि वाचलं, "समन्वयक म्हणाले, पंपाशिवाय पाणी वर जाणार नाही, हे शाळेतलं पोरही सांगेल. दूधवाले म्हणाले, मग आधी पंप बसवा. समन्वयक म्हणाले, होईल हो. अध्यक्ष खोकले."

'सविस्तर चर्चा झाली' असं लिहिलं असतं तर काय वाचलं असतं? दुभाषी बाई शब्दन् शब्द सांगत होत्या, खोकल्यासकट. आठही सभासद आता आपापल्या प्रतीत पान चार शोधत होते. वाण्यांची प्रत घरी पुड्या बांधण्यात गेली होती, ते दूधवाल्यांच्या सुरळीत डोकावत होते.

मॅडमनी वही मिटली आणि एकच वाक्य बोलल्या. दुभाषी बाई म्हणाल्या, "मॅडम विचारतात, नळ नऊ किती लांब आहे?"

"चौऱ्याऐंशी पायऱ्या," सगळी माडी एका सुरात म्हणाली.

निघाली वरात. चाळिसाव्या पायरीवर मॅडम थांबल्या, बाई म्हणाल्या, "इथे आम्ही भांडतो," आणि ते भाषांतर ऐकून मॅडम हसल्या. वर वहिनी कमरेवर हात ठेवून नळ नऊशेजारी उभ्या. रजा टाकली होती. मॅडमनी तोटी फिरवली. फुस्स झालं. थोडी हवा आली, मग एक मुंगी बाहेर आली, तिने इकडेतिकडे पाहिलं आणि परत आत गेली.

"समाधान झालं का विचारा," वहिनी दुभाषी बाईंना म्हणाल्या. मग समन्वयकाकडे वळून, "आणि तुम्ही रिकामे उभे आहात म्हणून सांगते, खाली माझी एक घागर भरलेली राहिली आहे."

त्याने ती आणली. खरंच आणली, मी त्याचं श्रेय काढून घेणार नाही. चाळिसाव्या पायरीवर तोही टेकला होता, भांडायला मात्र कुणी नव्हतं.

सही झाली नाही. पाच महिन्यांनी चाळिसाव्या पायरीच्या बाजूला पंपाची छोटी खोली उभी राहिली आणि एका सकाळी सहा वाजून दहा मिनिटांनी नळ नऊला पाणी आलं. मग दाखला परत आला, त्यालाही एक गुरुवार दाखवला, आणि मग अध्यक्षांनी सही केली. त्यांची सही झोकदार होती, किल्लीसारखी, शेवटी गोल कडी. सावकाश काढायचे, जीभ दातात धरून.

वर्षभराने त्या परदेशी मंडळींनी एक गुळगुळीत पुस्तिका काढली. आमच्या भाषेतली प्रत माझ्या दुकानात अजून आहे. त्यात आमच्या नियमाला 'गुरुवार पद्धत' म्हटलंय. कागद येणं आणि सही होणं यांच्यात समितीला 'विचारविनिमयाचा अवकाश' दिल्यास रहिवाशांचा सहभाग कसा खोल होतो, यावर तीन पानं आहेत आणि एक आकृती आहे, बाणांची. आणखी तीन देशांतल्या समित्यांनी ती पद्धत घ्यावी अशी शिफारस आहे. फोटो नळ नऊचा, वहिनी मध्यभागी.

सलूनवाला म्हणाला, "म्हणजे आता तीन देशांत गुरुवारी दुपारी दारं लागणार!" आणि आम्ही परत हसलो. पुस्तिकेने नियमाचं नाव झालं, बाईंचं नाव होतं तिथेच राहिलं. धुलाईघरात वहिनींना इस्त्री गरमच ठेवावी लागली. नळांच्या देखभालीला समिती चालूच राहिली, आणि गुरुवारी तीनला दार लागत राहिलं, अध्यक्ष होते तोवर.

कुलूपवाले पुढे दोन वर्षांनी गेले, झोपेतच. त्यानंतरच्या एका सकाळी स्टेनोबाई माझ्या दुकानात आल्या. निळ्या वह्यांचा गठ्ठा घेऊन आल्या होत्या, मला वाटलं परत करतायत की काय. स्टुलावर बसल्या.

"अध्यक्षांनी सांगून ठेवलं होतं," त्या म्हणाल्या. "मी आहे तोवर कुणाला नको. मी गेलो की वहिनींना सांगा, आणि मग त्या वहीवाल्याला. म्हणजे वेगळी दवंडी नको."

वहिनींना सांगून झालं होतं. मग त्यांनी मला सांगितलं, आणि मी आयुष्यात पहिल्यांदा एक गोष्ट संध्याकाळपर्यंत पोटात ठेवली. ती अशी.

कुलूपवाल्यांना वाचता येत नव्हतं. सही तेवढी गिरवून शिकले होते. समितीकडे आलेला प्रत्येक कागद बाई त्यांना दर गुरुवारी तीन ते चार वाचून दाखवायच्या, आणि कळलं नाही तिथे परत एकदा, हळू. बाकीच्या आठ सभासदांना वाचता येत होतं. त्यांनी कागद वाचले नव्हते.